दोन भाषांचा निवाडा

1499 सालच्या डिसेंबरात हेरात शहरात अलीशेर नवाई या कवीनं एक छोटेखानी गद्य पुस्तक लिहून हातावेगळं केलं. नाव ‘मुहाकमतुल लुगतैन’, म्हणजे दोन भाषांचा निवाडा. एका बाजूला तुर्की, दुसऱ्या बाजूला फारसी आणि निवाडा देणारा नवाई स्वतः. तेव्हा तो 58 वर्षांचा होता आणि जेमतेम वर्षभराचं आयुष्य त्याच्या हाती उरलं होतं. सुलतान हुसेन बायकराच्या दरबारातला तो पहिल्या मानाचा माणूस. हेरातमध्ये त्यानं मदरसा आणि दवाखाना बांधला, चित्रकार बिहजादला आधार दिला, तुर्कीत चार दिवाण, म्हणजे कवितासंग्रह, आणि पाच मोठ्या मसनव्या, म्हणजे दीर्घ काव्यं, लिहिली. निकाल त्यानं तुर्कीच्या बाजूनं दिला.

तो निकाल सगळ्यांनी मानला असं नाही. आमच्या घरात तर मुळीच नाही. बापूकाकांनी हयातभर फारसी शिकवली आणि जुन्या दफ्तरांमधले फारसी कागद वाचले. त्यांची पुतणी मीरा ताश्कंदला राहून उझबेक शिकून आली. उझबेक म्हणजे नवाईच्या चगताई तुर्कीची आजची वारसदार. दोघं एकत्र बसले की विषय कुठूनही निघो, हेरातला पोचतो. त्यांचं बोलणं मी इथे उतरवून काढलं आहे. जिथे मला राहवलं नाही, तिथे मीही बोलले आहे.

मीरा : काका, तुर्की कवितेचा विषय निघाला की तुमचं पहिलं वाक्य ठरलेलं असतं. फारसीनं तिला घडवलं. मसनवी फारसीकडून, गझल फारसीकडून, वृत्तं फारसीकडून, लैला-मजनू, शीरीन-फरहाद सगळं फारसीकडून. हे सगळं खरं आहे. पण या पद्धतीनं इतिहास सांगितला की एक देणारा होतो आणि दुसरा जन्माचा घेणारा. नवाई याच गोष्टीनं अस्वस्थ झाला होता.

बापूकाका : अस्वस्थ झाला होता, कबूल. पण कशानं झाला होता ते नीट बघ. फारसी भाषकांनी तुर्कीला हिणवलं, अशी त्याची मुख्य तक्रार नाही. त्याचा राग तुर्कांवर आहे. हुशार तुर्क तरुण कविता लिहायला बसतात आणि सोपं पडतं म्हणून फारसीत लिहितात. आपल्या भाषेत लिहिणं अवघड, म्हणून पळ काढतात. हे तो म्हणतो.

मीरा : आणि ते तरुण फारसीकडे का वळत होते? कारण नाव तिकडे होतं, पैसा तिकडे होता, वाचक तिकडे होते. नवाईनं आणखी एक गोष्ट टिपली आहे. तुर्कांमधला लहान-थोर, धनी-नोकर प्रत्येक जण फारसी बोलतो. फारसी बोलणाऱ्यांमध्ये मात्र तुर्की येणारे फार थोडे, आणि जे बोलतात त्यांच्या उच्चारावरून लगेच कळतं की ही यांची भाषा नाही. शेजारी दोघं, पण भाषा शिकायची जबाबदारी एकावरच. हे पंधराव्या शतकात त्यानं लिहून ठेवलं आहे. मुंबईतल्या मराठी माणसाला यावर टिपणाची गरज पडणार नाही.

बापूकाका : बरं, मग त्या पुस्तकातली शंभर क्रियापदांची यादी? रडण्याच्या इतक्या तऱ्हा, पिण्याच्या इतक्या, घोड्याच्या जातींना इतकी नावं, शिकारीला इतकी. तुर्कीत थोरल्या भावाला वेगळा शब्द, धाकट्याला वेगळा, फारसीत दोघांना एकच. म्हणून तुर्की श्रेष्ठ! हे मला वकिली वाटतं. शब्दांच्या याद्या करून कुठलीही भाषा जिंकवता येते. त्याच्या विरोधात एखाद्या फारसी पंडितानं बागेतल्या फुलांची यादी काढली असती तर?

मीरा : यादी कमकुवत आहे, मीही म्हणते. त्या पुस्तकाचं बळ यादीत नाहीच. बळ लिहिणाऱ्यात आहे. हा दावा करणारा माणूस ‘फानी’ या नावानं फारसीत अख्खा दिवाण लिहून बसलेला होता. त्यातल्या पुष्कळ गझला हाफिजच्या गझलांना दिलेलं उत्तर आहेत. म्हणजे याला फारसी जमत नाही म्हणून हा तुर्कीचे गोडवे गातो, असं कुणाला म्हणायची सोय त्यानं ठेवली नाही.

बापूकाका : बाबरानं ठेवली! नवाईच्या फारसी दिवाणातले काही शेर बरे आहेत, बाकीचे सपाट आणि हलके, असं बाबर आत्मचरित्रात स्वच्छ लिहितो. वृत्तांवरच्या नवाईच्या पुस्तकात रुबाईच्या 24 वृत्तांपैकी चारांत चुका आहेत, हेही लिहायला विसरत नाही.

मीरा : आणि त्याच बाबरानं हेही लिहिलं आहे की तुर्कीत इतकं विपुल आणि इतकं सुंदर दुसऱ्या कुणी लिहिलेलं नाही.

इथे मला एक सांगायचं आहे. नवाईचा गुरू, मित्र आणि वडीलधारा म्हणजे अब्दुर्रहमान जामी. फारसीच्या अभिजात परंपरेतलं शेवटचं मोठं नाव म्हणून त्याच्याकडे बोट दाखवतात. वयानं नवाईपेक्षा 27 वर्षांनी मोठा. नवाईनं तुर्कीत पाच मसनव्यांचा ‘खम्सा’ पुरा केला तो 1483 ते 1485 या काळात, आणि जामीनं स्वतःच्या फारसी काव्यात त्याची स्तुती केली. ज्या भाषेविरुद्ध नवाई पुढे निवाडा देणार होता, त्या भाषेचा सर्वांत मोठा हयात कवी त्याला तुर्कीत लिही म्हणून बळ देत होता. 1492 मध्ये जामी गेला तेव्हा नवाईनं त्याच्या आठवणींचं स्वतंत्र पुस्तक लिहिलं, तेही तुर्कीत. या दोघांच्या नात्याकडे बघितल्याशिवाय ‘निवाडा’ वाचणं मला अपुरं वाटतं. तिथे भांडण भाषांचं आहे, पण माणसं एकमेकांची आहेत.

बापूकाका : जामीचं नाव निघालं, म्हणून खम्साचं बोलू. निझामीनं बाराव्या शतकात गंजा शहरात बसून पाच मसनव्या लिहिल्या. शंभर वर्षांनी दिल्लीत अमीर खुस्रोनं त्याच पाच विषयांवर पाच मसनव्या लिहून त्याला उत्तर दिलं. खुस्रोचा बाप तुर्क, आई हिंदुस्थानची. मग हेरातला जामीनं लिहिलं, मग नवाईनं. कॉकेशसपासून दिल्लीपर्यंत आणि तिथून खुरासानपर्यंत एकच गोष्ट प्रत्येक जण आपल्या परीनं सांगतोय, आणि ऐकणाऱ्याला आधीच्या सगळ्यांचं ऐकू येतंय. उत्तर देण्याला ते ‘जवाब’ म्हणत. आधीच्या कवीचं बोट धरूनच त्याच्या पुढे जायचं. मला सांग, ही परंपरा कुणाच्या मालकीची? इराणची? निझामी आजच्या अझरबैजानमधला, खुस्रो आपल्याकडचा, जामी-नवाई आजच्या अफगाणिस्तानातले. फारसी ही कुणा एका जमातीची भाषा उरलीच नव्हती. ज्याला लिहायचं त्याची ती होती.

मीरा : ज्याला लिहायचं आणि ज्याला शिकायला मिळालं, त्याची. काका, या साखळीत नवाईनं काय केलं ते सांगते. निझामीच्या शीरीनच्या गोष्टीत नायक राजा खुस्रो, आणि फरहाद म्हणजे मध्येच येऊन डोंगर फोडणारा, प्रेमात जीव देणारा कारागीर. नवाईनं फरहादला नायक केलं. राजा बाजूला गेला, काम करणारा आणि झुरणारा मध्यभागी आला. शीर्षकातही फरहाद. त्याच्या डोळ्यांसमोर निझामी होता, अमीर खुस्रो होता, दोघांचा आदर त्यानं मनापासून केला. पण गोष्ट कुणाची, हे त्यानं स्वतः ठरवलं. भाषा बदलली म्हणून नजर बदलली असा सोपा सिद्धान्त मी मांडणार नाही. पण आपल्या भाषेत सांगताना माणूस थोडा अधिक धीट होतो, एवढं मला वाटतं.

बापूकाका : हे मला पटण्यासारखं आहे. पण आता वृत्तांकडे ये. तिथे तुझी बाजू फार लंगडी पडते.

मीरा : उलट तिथेच तुर्की सगळ्यात जास्त सहन करते! अरूज हे अरबीतून फारसीत आलेलं वृत्तशास्त्र दीर्घ-ऱ्हस्व अक्षरांच्या मापावर उभं आहे. तुर्कीला दीर्घ स्वर जवळजवळ नाहीतच. मग कवीनं काय करायचं? ऱ्हस्व स्वर ताणायचा. त्याला ‘इमाला’ म्हणतात. शब्द वृत्तात बसवायला त्याचे हातपाय ओढायचे. जिथे ओढायचं नसेल, तिथे आयता दीर्घ स्वर असलेला अरबी-फारसी शब्द घालायचा. उस्मानी दिवाण कवितेत फारसी शब्दांचा पूर आला, त्याचं एक कारण तरी हे माप आहे. कवींना हौस होती हे अर्धंच खरं. साचाच परका होता.

बापूकाका : आणि तरी याच साच्यात फुझूली झाला, बाकी झाला, नदीम झाला. अठराव्या शतकातल्या नदीमच्या कवितेत इस्तंबूलच्या बागा आणि सहली आहेत, बोलण्यातली तुर्की आहे, आणि वृत्त अरूज आहे. विसाव्या शतकात याह्या केमालनं असं तुर्की लिहिलं की अरूज तिथे जन्मल्यासारखा वाटावा. पाचशे-सहाशे वर्षं घासून-पुसून परक्या साच्याचा आकार हाताला बसतो.

या ठिकाणी मराठी वाचकाला मधे घेणं मला आवश्यक वाटतं, कारण हा प्रश्न आपल्याकडे आला आहे आणि त्याचं उत्तर वेगळं निघालं आहे. मराठीत लघु-गुरू मुळातच आहेत आणि संस्कृत अक्षरगणवृत्तांची सवय तर शतकांची. म्हणून माधव जूलियनांनी फारसी वृत्तं मराठीत आणली तेव्हा शब्द इतके ताणावे लागले नाहीत. 1925 चा त्यांचा फारसी-मराठी कोश आणि 1933 ची ‘गज्जलांजली’ ही दोन्ही कामं फारसीच्या प्रेमातून झालेली. आणि याच माधव जूलियनांनी पुढे मराठीतले परके शब्द वेचून काढण्याच्या चळवळीत उडी घेतली, 1938 मध्ये ‘भाषाशुद्धिविवेक’ लिहिला. हा विरोधाभास काहींना खटकतो. मला तो नवाईच्या जवळचा वाटतो. दोघांनीही दुसऱ्याच्या भाषेत खोल बुडी मारली होती. फरक इतकाच की नवाईनं तुर्कीतले फारसी शब्द काढून टाकायची मागणी केली नाही. त्याचं स्वतःचं तुर्की गद्य फारसी-अरबी शब्दांनी भरलेलं आहे. तो म्हणत होता की आपल्या भाषेत लिहा. ती भाषा धुऊन घ्या, असं नव्हे. या फरकाकडे मला वारंवार बोट दाखवावंसं वाटतं, कारण विसाव्या शतकातल्या अनेकांनी नवाईचं नाव घेऊन नेमका तोच फरक पुसला.

मीरा : काका, आपण दोघंही दरबारातच फिरतोय. दरबाराबाहेर एक तुर्की कविता होती, तिला अरूजची गरज नव्हती. बाराव्या शतकातल्या अहमद यसवीच्या नावानं चालत आलेल्या ‘हिकमती’ मध्य आशियात लोक गात होते. आजच्या कझाकस्तानातल्या तुर्किस्तान शहरात त्याच्या समाधीवर तैमूरनं बांधलेली इमारत आहे. मग अनातोलियात यूनुस एमरे आला, साधारण तेराव्या शतकाचा उत्तरार्ध आणि चौदाव्याची सुरुवात. अक्षरं मोजायची, बोलल्यासारखं लिहायचं, शेतकऱ्याला कळेल असं देवाशी बोलायचं. म्हणजे ज्ञानेश्वरांचा समकालीनच म्हणा. 1330 मध्ये आशिक पाशानं ‘गरीबनामा’ लिहिला, त्यात तो खेद करतो की तुर्की भाषेकडे कुणी बघतच नव्हतं. नवाईच्या निवाड्याआधी सुमारे एकशे सत्तर वर्षं.

बापूकाका : यूनुसवर माझंही प्रेम आहे. पण यूनुसला फारसीच्या विरोधात उभा करू नकोस. त्याची गाणी अक्षरछंदात आहेत, पण त्याचं मोठं उपदेशपर काव्य ‘रिसालेतुन नुस्हिये’ मसनवी आहे आणि अरूजमध्ये आहे. तो ज्या अनातोलियात फिरला, तिथे कोन्यामध्ये रूमी 1273 पर्यंत हयात होता आणि मसनवीचे 25 हजारांच्या आसपास शेर फारसीत सांगत होता. रूमीनं तुर्कीत आणि ग्रीकमध्येही थोड्या ओळी रचल्या. त्याचा मुलगा सुलतान वलद यानं तुर्कीत बरंच अधिक लिहिलं. बाप फारसीत, मुलगा दोन्हींत, त्याच अनातोलियात यूनुस. हे एकमेकांचे शत्रू नव्हते.

मीरा : शत्रू म्हणतच नाही मी. दर्जाबद्दल बोलते. रूमीला जगानं डोक्यावर घेतलं. यूनुसचं नाव तुर्कस्तानाबाहेर किती जण घेतात?

बापूकाका : ही चूक फारसीची नाही, आपली, वाचणाऱ्यांची आहे. आणि दर्जाच म्हणतेस तर 1514 कडे बघ. चाल्दिरानची लढाई. एका बाजूला इराणचा शाह इस्माईल, दुसऱ्या बाजूला उस्मानी सुलतान सलीम. दोघंही कवी. इराणचा शाह ‘खताई’ या नावानं तुर्कीत लिहायचा. तुर्कांचा सुलतान फारसीत लिहायचा. सलीमचा फारसी दिवाण पुढे 1904 मध्ये बर्लिनला जर्मन कैसरच्या हुकुमानं छापला गेला. आज सीमा आखून ज्यांनी तुर्की इकडे आणि फारसी तिकडे वाटून दिली, त्यांनी या दोघांचं काय करायचं ते सांगावं.

मीरा : मला हा दाखला आवडतो. पण शेवट सांगा ना. सलीमचा फारसी दिवाण आज कोण गातं? खताईची तुर्की गाणी अनातोलियातले अलेवी पंथाचे लोक अजून साज या तंतुवाद्यावर गातात. लढाई हरलेल्याची कविता जिंकलेल्याच्या मुलखात पाचशे वर्षं जिवंत राहिली, कारण ती लोकांच्या तोंडच्या भाषेत होती.

काका यावर थोडं थांबले. मला वाटतं, मीराचा हा सर्वांत बळकट मुद्दा आहे. गाण्यात टिकणं आणि ग्रंथात टिकणं यांत मी उच्च-नीच करत नाही, पण ज्या कवितेला फौजेनं हरवूनही गळ्यांनी धरून ठेवलं तिच्यापुढे मला नम्र व्हावंसं वाटतं.

बापूकाका : आता आपल्या दख्खनकडे येतो. 1595 साली मोगल फौज अहमदनगरच्या किल्ल्यापुढे येऊन बसली. आत चांदबिबी. बाहेरच्या सरदारांमध्ये खानखानान अब्दुर्रहीम. आपण दोह्यांमुळे ओळखतो तो रहीम. त्याचा बाप बैरामखान, तुर्कीतही लिहायचा आणि फारसीतही. रहीमनं सहा वर्षांपूर्वीच बाबराचं आत्मचरित्र तुर्कीतून फारसीत आणून अकबराला नजर केलं होतं. आणि त्याच अहमदनगरात त्याआधी काही वर्षं बुऱ्हाण निजामशहासाठी जुहूरी नावाचा खुरासानी कवी फारसीत प्रदीर्घ ‘साकीनामा’ लिहीत होता. पुढे तो विजापूरला इब्राहीम आदिलशहाकडे गेला. किल्ल्याच्या आत फारसी, बाहेर फारसी, आणि बाहेरच्या सेनापतीच्या तोंडी तुर्की, फारसी, ब्रज तिन्ही. इतकी मोठी होती ती दुनिया.

मीरा : तुम्ही हे अभिमानानं सांगता आणि मला त्यात दुसरंच दिसतं. बाबर तुर्कीत लिहून गेला. त्याच्या नातवाला ते फारसी भाषांतरातून ऐकावं लागलं. दरबार आजोबांच्या भाषेपासून तुटत चालला होता. नवाईनं ज्याची भीती घातली होती तेच हिंदुस्थानात घडलं, आणि तेही बाबरासारख्या नवाईच्या वाचकाच्या घरात.

बापूकाका : तुटत होता, पण रहीमच्या भाषांतरामुळे ते पुस्तक वाचलं गेलं. त्याच्या सचित्र प्रती निघाल्या. मूळ तुर्कीवर अवलंबून राहिलं असतं तर हिंदुस्थानात ते किती जणांपर्यंत पोचलं असतं? आता मला जे दुखतं ते मी सांगतो. 1 नोव्हेंबर 1928. तुर्कस्तानात कायदा झाला, अरबी लिपी गेली, लॅटिन आली. पुढच्याच वर्षी शाळांतून अरबी-फारसी विषय गेले. 1932 मध्ये भाषा-संस्था निघाली आणि शब्दांची झाडाझडती सुरू झाली. अतातुर्कचं स्वतःचं 1927 चं भाषण पुढच्या पिढ्यांना कळावं म्हणून नव्या तुर्कीत करून घ्यावं लागलं. मग फुझूलीचं, नदीमचं काय झालं असेल? सहाशे वर्षांची कविता एका पिढीत परकी झाली. हे फारसीनं केलं नाही. हे तुर्कीवरच्या प्रेमाच्या नावानं झालं.

मीरा : लिपी बदलली तेव्हा वाचता येणारे किती थोडे होते, हेही बघावं लागेल. नव्या लिपीनं लाखो लोकांच्या हातात पहिल्यांदा पुस्तक आलं. त्यांचं काहीच नुकसान झालं नाही, कारण त्यांच्याकडे आधी काही नव्हतंच. पण मी त्याहून पूर्वेला बघते. उझबेक भाषेची लिपी विसाव्या शतकात तीनदा बदलली. अरबीतून लॅटिन, मग 1940 मध्ये सिरिलिक, मग 1993 पासून पुन्हा लॅटिन. ताश्कंदमधल्या घरांत आजोबा, आई आणि मुलगी तीन लिप्यांत शिकलेली असू शकतात. आणि फितरत! बुखाऱ्याचा अब्दुर्रऊफ फितरत फारसीत लिहायला लागला, त्याचं पहिलं गाजलेलं पुस्तक म्हणजे एक वादसंवादच, घडतो हिंदुस्थानात. मग तो तुर्कीकडे वळला आणि चगताई वारशाचा सर्वांत तळमळीचा अभ्यासक झाला. 1938 च्या ऑक्टोबरात सोव्हिएत राजवटीनं त्याला गोळी घातली. त्याच्याबरोबर कवी चोलपान आणि कादंबरीकार अब्दुल्ला कादिरी यांनाही. आरोप राष्ट्रवादाचा. तीन वर्षांनी त्याच राजवटीनं नवाईची पाचशेवी जयंती मांडली.

त्या जयंतीबद्दल थोडं सविस्तर लिहायला हवं. 1941 च्या शरद ऋतूत लेनिनग्राडला जर्मन वेढा पडला होता. भाकरीचा शिधा कमी कमी होत होता. हर्मिटाज संग्रहालयातल्या मौल्यवान वस्तू आधीच आगगाडीनं उरलकडे हलवल्या होत्या, तळघरांत माणसं राहत होती. अशा वेळी 19 ऑक्टोबरला तिथे निझामीची आठशेवी जयंती झाली. डिसेंबरात, उपासमार ऐन भरात असताना, नवाईची पाचशेवी झाली. संग्रहालयाचे संचालक इओसिफ ओर्बेली यांनी ती घडवून आणली. नवाईचे अनुवाद वाचून दाखवणारे निकोलाय लेबेदेव भुकेनं इतके खंगले होते की ते थोड्याच दिवसांत गेले. फारसीचा कवी आणि तुर्कीचा कवी, दोघांसाठी तीच इमारत, तीच माणसं, तीच थंडी. राजवटीचे हिशेब काहीही असोत, त्या श्रोत्यांनी दोघांतला एक निवडला नाही, आणि माझ्या मते निवाड्याचा प्रश्न इतक्या उंचीवर दुसऱ्या कुणी नेलेला नाही.

बापूकाका : आणि युद्ध संपल्यावर 1947 मध्ये बाकूत पुन्हा निझामीची जयंती धूमधडाक्यात. आता तो ‘अझरबैजानचा राष्ट्रकवी’. ज्याचं सगळं लेखन फारसीत आहे, तो. इराण्यांना याचा संताप, बाकूकरांना अभिमान. मला दोन्हीचा कंटाळा.

मीरा : मला नाही. गंजात आज तुर्की बोलतात, त्यांच्या गावात निझामीची कबर आहे. तो आमचा, असं त्यांनी म्हणू नये तर काय म्हणावं? ‘आमचाच’ म्हणाले तर मीही भांडेन. ‘आमचाही’ म्हणण्याचा हक्क गावाला आहे.

बापूकाका : ‘आमचाही’ चालेल. शहरयारबद्दल मी हेच म्हणतो. तबरीझचा शहरयार, 1906 ते 1988. फारसी गझलेत विसाव्या शतकातलं मोठं नाव. त्याच्या मृत्यूचा दिवस, 18 सप्टेंबर, इराणमध्ये फारसी कविता-दिन म्हणून पाळतात. मातृभाषा मात्र तुर्की.

मीरा : आणि त्याच्या आईची गोष्ट का गाळता? बेटा, लोक म्हणतात तू मोठा कवी आहेस, पण तुझं मला काही कळत नाही, अशी तिची खंत सगळीकडे सांगतात. 1950 च्या दशकात त्यानं अझरी तुर्कीत ‘हैदरबाबाया सलाम’ लिहिलं. हैदरबाबा म्हणजे त्याच्या बालपणीच्या गावाजवळचा डोंगर. अरूज सोडून अकरा अक्षरांच्या ओळी, पाच-पाच ओळींची कडवी, त्यात गावचे लोक, नवरोझ, लग्नं, मेलेली माणसं. तेव्हा इराणात तुर्की शाळेत नव्हती, छापखान्यात तिला सहज जागा नव्हती. तरी ती कविता बाकूपर्यंत पोचली, अनातोलियापर्यंत पोचली. तिला ‘जवाब’ म्हणून कितीतरी कवींनी तशाच कविता लिहिल्या. बघा, तुमचा ‘जवाब’. पण या वेळी बोट तुर्की कवितेचं धरलं.

बापूकाका : पन्नाशीच्या उंबरठ्यावर लिहिली ती त्यानं. तीस वर्षं फारसी गझल घोटलेल्या माणसानं. हाफिज त्याच्या रक्तात होता. त्याशिवाय तो इतकं साधं लिहू शकला असता, असं मला वाटत नाही. साधेपण नवशिक्याला जमत नाही.

मीरा : नवाईसारखंच. हे मी नाकारत नाही, काका. दुसऱ्याची भाषा पुरी पचवून मग आपल्या भाषेत आले म्हणून ते मोठे झाले. पण त्यांच्या घरात दोन्ही भाषा होत्या. आज तबरीझच्या मुलाला शाळेत फक्त एक मिळते. इराणच्या राज्यघटनेचं पंधरावं कलम प्रादेशिक भाषांचं साहित्य शाळेत शिकवायला मुभा देतं, प्रत्यक्षात ती मुभा बहुतेक कागदावरच राहिली. शहरयारचा फारसी-दिन साजरा होतो आणि त्याची तुर्की वाचायला मुलगा घरीच शिकतो.

बापूकाका : आणि इस्तंबूलच्या मुलाला फुझूली वाचता येत नाही. पणजोबांच्या कबरीवरचा लेख वाचता येत नाही. तेही तुझ्या यादीत घे.

मीरा : घेतलं. पण त्या मुलाला शाळेत त्याची भाषा आहे. तबरीझच्या मुलाला नाही. कुठलं आधी, याचा क्रम मी लावणार.

बापूकाका : क्रम लाव. खालचं खोडू नकोस म्हणजे झालं.

मीरा : फुझूली खोडून कसं चालेल? तुर्की, फारसी आणि अरबी, तिन्हींत त्याचे दिवाण आहेत. तुम्ही फारसी दिवाण घ्या, मी तुर्की घेते. अरबीला मात्र आपल्याला तिसरं माणूस शोधावं लागेल.